तुंब्याशेजारचा दुध्या

नंदुरबार जिल्ह्यांतील काठीच्या होळीस कमरेला वाळलेले भोपळे बांधून नाचणारे बुध्या आमच्या वाचकांनीं पाहिलेच असतील. सातपुड्यांत हा तुंबा पाणी नेण्यास व बियाणें राखण्यासही उपयोगी पडतो. त्यासाठीं फळ वेलीवरच देंठ सुकेपर्यंत पिकूं द्यावें.

परंतु तुंबा आणि भाजीचा दुध्या यांची जात एकच, व तुंबा पुष्कळदा कडू असतो. पांढरीं फुलें सायंकाळीं उमलतात, आणि कीटक एकाचा पराग दुसऱ्यावर नेतात. त्या वर्षीचें फळ बिघडत नाहीं, म्हणून बागाइतदार निश्चिंत राहतो. त्याच्या बियांच्या वेलीस मात्र पुढें कडू फळें येऊं शकतात. हा कडूपणा शिजवूनही जात नाहीं. अशा रसानें झालेल्या विषबाधेची व मृत्यूंची दखल भारतीय वैद्यक संशोधन परिषदेच्या तज्ज्ञसमितीच्या २०१२ सालच्या अहवालांत आहे.

यास्तव बियाण्याचा दुध्या तुंब्यापासून दूर लावावा, असें आमचें आग्रहाचें सांगणें आहे. जागा अपुरी असल्यास उमलण्यापूर्वींच नर व मादी कळ्या दोऱ्यानें बांधाव्या; सायंकाळीं नरफूल मादीवर घासून ती पुन्हा बांधावी व देंठास खुणेची चिंधी लावावी. भाजी चिरतांना फोड चाखावी. कडू लागतांच थुंकून फळ पुरून टाकावें, गुरांस घालूं नये.