सही तुमची, समन्सही तुमचं!

आमच्या आळीतल्या एका वहिनींच्या दारात सकाळी सकाळी पोलीस उभा राहिला. गॅसवर दूध, मुलांच्या डब्यांची घाई आणि हातात कोर्टाचं समन्स! वहिनींचे हातपायच गळाले. झालं होतं ते एवढंच. साड्यांचं दुकान वहिनींच्या नावावर. यजमान 'इथे सही कर गं' म्हणाले की वहिनी करायच्या. त्यातलाच दोन लाखांचा एक चेक खात्यात पैसे नाहीत म्हणून परत गेला. व्यापाऱ्याच्या वकिलाची नोटीस आली ती यजमानांनी टेबलाच्या खणात टाकली, 'तुला कशाला उगीच काळजी' म्हणून!

तुम्ही म्हणाल, व्यवहार नवऱ्याचा, मग कोर्टात ती का? अहो, खातं तिचं आणि सहीही तिची. मात्र जोडखातं असून चेकवर सही एकट्या यजमानांची असेल, तर केवळ खात्यावर नाव आहे म्हणून बायकोवर खटला चालवता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली सांगितलं आहे. म्हणून म्हणते, सही करण्यापूर्वी चेक वाचा. कोऱ्या चेकवर तर मुळीच सही करू नका, मग समोर कितीही जवळचं माणूस असो!

चेक न वटणं हा १ एप्रिल १९८९ पासून गुन्हा आहे. कलम १३८. शिक्षा दोन वर्षांपर्यंत कैद, किंवा चेकच्या दुपटीपर्यंत दंड, किंवा दोन्ही. पण नोटीस मिळाल्यापासून १५ दिवसांत पैसे चुकते केले, तर खटला उभाच राहत नाही. वहिनींचे ते पंधरा दिवस खणात गेले.

तरी धीर सोडू नका. कलम १४७ प्रमाणे हा गुन्हा आपसांत मिटवता येतो. फिर्यादीची संमती मात्र हवी. आपण पैसे पुढे केले म्हणजे झालं, असं नाही. दोघांच्या सह्यांची तडजोडीची पुरसीस कोर्टात द्यायची, ती मंजूर झाली की आरोपी निर्दोष सुटतो.

जितका उशीर, तितका भुर्दंड. सप्टेंबर २०२५ मधल्या निकालाप्रमाणे बचावाचा पुरावा नोंदवण्याआधी पैसे भरले तर जादा काही नाही. त्यानंतर, पण निकालाआधी, मिटवलं तर चेकच्या रकमेवर ५ टक्के, सेशन्स किंवा हायकोर्टात साडेसात आणि थेट दिल्लीला गेलात तर १० टक्के. ही रक्कम विधी सेवा प्राधिकरणाकडे भरायची असते.

वहिनींनी आणखी एक घोळ घातला. घाबरून पन्नास हजार रोख नेऊन व्यापाऱ्याच्या मुनीमजींच्या हातात ठेवले. पावती? 'ओळखीचे आहेत, कसं मागायचं?' पुढच्या तारखेला व्यापारी म्हणाला, मला काहीच मिळालेलं नाही! पैसे द्यायचे ते बँकेतूनच, आणि पुरसीशीत रकमेचा नि तारखेचा उल्लेख हवाच.

शेवटी प्रकरण लोकअदालतीत गेलं. तिथे वेगळी फी नाही आणि निवाड्यावर अपीलही नाही. मुनीमजींनी पन्नास हजार कबूल केले (वहिनींचं नशीब!) आणि उरलेल्या दीड लाखाचे सहा हप्ते ठरले. हप्ते थकले तर तो निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखा असतो, त्यावर दरखास्त करून वसुली होते.

आणि समजा, पैसे तुमचेच अडकलेत? शिवणाचे, भिशीचे, कुणाला उसने दिलेले? मग चेक परत आल्याचं बँकेकडून कळल्यापासून ३० दिवसांत लेखी नोटीस पाठवा, पोस्टाची पावती जपून ठेवा. १५ दिवसांत पैसे आले नाहीत, तर पुढच्या महिन्याभरात फिर्याद करावी लागते. आणि हप्त्यांवर मिटवत असाल, तर नुसत्या तोंडी शब्दावर केस काढून घेऊ नका. शेवटचा हप्ता खात्यात दिसू द्या, किंवा लोकअदालतीचा निवाडा तरी हातात असू द्या.

वहिनींचा सहावा हप्ता गेल्या महिन्यात गेला. टेबलाच्या त्या खणाची किल्ली आता त्यांच्या कमरेला असते.