अर्ध्या डावांतून उठणें

घरांतील कर्त्या माणसांची हल्लीं एक तक्रार सर्रास ऐकूं येते. पानें वाढलेलीं आहेत, आमटी निवत चालली आहे, आजोबा केव्हांचे येऊन बसले आहेत, आणि चिरंजीव मात्र खोलींत मोबाइल घेऊन बसलेले. हांक मारली कीं उत्तर ठरलेलें : "पांच मिनिटांत येतों, आतां उठतां येत नाहीं." उठतां येत नाहीं म्हणजे काय, असा प्रश्न आईला पडतो. खेळच तो, ठेवावा बाजूला आणि यावें! मुलगा उद्धट झाला आहे, नाहीं तर त्याला व्यसन जडलें आहे, यांपैकीं एक निकाल देऊन बहुतेक घरांत हें प्रकरण मिटविलें जातें. दोन्ही निकाल कधीं कधीं बरोबरहि असतात. परंतु या उत्तरामागें एक तिसरी गोष्ट असूं शकते, आणि ती वडील मंडळींनीं समजून घेण्याजोगी आहे.

मोबाइलवरील पूर्वींचा खेळ एकट्याचा असे. साप वाढवावा, विटा रचाव्या, कंटाळा आला कीं बंद करावें. कोणाचें कांहीं बिघडत नसे. सध्यांचे पुष्कळसे खेळ तसे नाहींत. 'डोटा २', 'लीग ऑफ लेजेंड्स', 'काउंटर-स्ट्राइक' या खेळांत पांच-पांच गड्यांचे दोन संघ समोरासमोर उभे राहतात. 'बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया' हा २०२१ सालीं आपल्या देशांत निघालेला खेळ घ्या. त्यांत चौघांचा एक गट, असे सुमारें शंभर गडी एकाच मैदानांत उतरतात. हे गडी एका गांवचे असतीलच असें नाहीं. एक लातूरला भाड्याच्या खोलींत, दुसरा नांदेडला आपल्या घरीं, तिसरा पुण्यास, आणि चौथा तर तोंडओळखीचाहि नाहीं. डाव बहुधा अर्धा-पाऊण तास चालतो. एकट्याच्या सोयीसाठीं तो थांबवून धरतां येत नाहीं. एक गडी निघून गेला, तर त्याच्या जागीं सहसा दुसरा येत नाहीं. उरलेल्या चौघांनीं पांचांशीं झुंजावयाचें आणि हरावयाचें.

ही अडचण आपल्याला नवी नाहीं. पत्त्यांचा डाव ऐन रंगांत आला असतां चौथा भिडू उठून गेला म्हणजे काय होतें, हें घरोघरच्या काकांना सांगावयास नको. पंगतींत आपलें जेवण आटोपलें तरी शेजाऱ्याचें होईपर्यंत उठूं नये, हा शिष्टाचारहि त्याच जातीचा आहे. खेळास बसणें म्हणजे भिडूंना न बोलतां दिलेला एक शब्द असतो, आणि "उठतां येत नाहीं" म्हणणाऱ्या मुलाला पुष्कळदां तो शब्दच अडवीत असतो.

शिक्षेचे नियम

शब्द मोडणारे पूर्वींहि होते. परंतु अंगणांत खेळतांना रडीचा डाव खेळणाऱ्यास दुसऱ्या दिवशीं कोणी खेळावयास घेत नसे, आणि ही भीति पुरेशी असे. जेथें भिडू एकमेकांचें तोंडहि पाहत नाहींत, तेथें ही भीति कोठून येणार? म्हणून खेळ चालविणाऱ्या कंपन्यांनीं लेखी शिक्षा ठरविल्या. 'काउंटर-स्ट्राइक'मध्यें चढत्या क्रमाची शिक्षा पुष्कळ वर्षें चालत आली : पहिल्या खेपेस ३० मिनिटें बंदी, मग २ तास, मग २४ तास, आणि त्याउपर ७ दिवस. मात्र एक आठवडा नीट वागल्यास गुन्हेगार एक पायरी खालीं येत असे. 'डोटा २'मध्यें सामन्यांतून एकंदर ५ मिनिटांहून अधिक काळ तुटून राहिल्यास सामना टाकला असें धरतात, आणि वारंवार तसें करणाऱ्यास त्याच्यासारख्याच पळपुट्यांच्या निराळ्या रांगेंत बसवितात. तेथें नेमून दिलेले सामने जिंकल्यावांचून सुटका नाहीं. 'लीग ऑफ लेजेंड्स'मध्यें दर सामन्यापूर्वीं तिष्ठत ठेवण्याची शिक्षा आहे.

त्याच खेळांत सन्मानानें उठण्याचाहि एक मार्ग ठेविला आहे. वीस मिनिटें खेळ झाल्यावर पांचांपैकीं चौघांनीं मत दिलें तर संघ शरण जाऊं शकतो, आणि अशा शरणागतीस दंड नाहीं. सर्वांनीं विचारानें डाव सोडणें वेगळें आणि एकट्यानें रागानें पळून जाणें वेगळें, हा भेद त्यांत मान्य केलेला आहे.

या शिक्षा केवळ नीतीच्या प्रेमानें ठरविल्या आहेत असें मात्र कोणीं समजूं नये. ज्या खेळांतून माणसें उठून जातात तो खेळ लवकरच ओस पडतो, हें कंपनी जाणते. मुलाला जागेवर बसवून ठेवण्यांत तिचा व्यापारी लाभ आहे. तेव्हां "नियमच तसा आहे" एवढ्या उत्तरानें पालकांनीं गप्प बसण्याचें कारण नाहीं. नियम भिडूंच्या हिताचा किती आणि कंपनीच्या हिताचा किती, हें मुलाबरोबर बसून पाहावें.

वीज गेली तर?

मराठवाड्यांत या नियमांचा एक निराळाच जाच होतो. लातुरांत वैद्यकीय प्रवेशपरीक्षेच्या तयारीसाठीं खेड्यापाड्यांतून हजारों मुलें-मुली येऊन राहतात. नांदेडलाहि तोच ओघ आहे. दिवसभर शिकवणी, रात्रीं अभ्यास, आणि मग दहानंतर खोलींतल्या तिघां-चौघांचा एक डाव, हाच त्यांचा विरंगुळा. मृगाचा पाऊस कोसळला कीं वीज जाते. वीज गेली कीं इंटरनेटहि डळमळतें. मुलगा जागेवरच आहे, हात कपाळाला लावून बसला आहे. परंतु यंत्राच्या लेखीं तो पळून गेलेला असतो. रागावून गेला कीं वीज गेली, हें यंत्राला कळत नाहीं. त्याला एवढेंच कळतें कीं गडी जागेवर नाहीं.

हा अन्याय पुरतेपणीं टाळतां येण्याजोगा नाहीं. "वीज गेली होती" हें कारण ग्राह्य धरलें, तर हरूं लागलेल्या प्रत्येकाची वीज जाऊं लागेल. म्हणूनच पहिली शिक्षा हलकी आणि पुढच्या भारी, अशी योजना असते. अपघात एकदां-दोनदां घडतो, संवय मात्र पुनःपुन्हां दिसते. शिवाय बहुतेक खेळांत तुटलेल्या गड्याला परत येण्याची मुभा असते. आभाळ भरून आलें असतां क्रमवारीचा सामना मांडूं नये, एवढें व्यवहारज्ञान मात्र ज्याचें त्यानें बाळगावें.

याहून गंभीर अपवाद मुलींचा आहे. संघांतील भिडू एकमेकांशीं बोलूं शकतात, आणि बोलणारी मुलगी आहे असें कळतांच अर्वाच्य बोलणारे महाभाग थोडे नाहींत. अशा वेळीं तिनें बोलणाराचा आवाज बंद करावा, तक्रार नोंदवावी, आणि तरीहि जाच न थांबल्यास खुशाल उठावें. तेथें भिडूंनींच आधीं शब्द मोडलेला असतो. यंत्रानें दंड केला तर करो. घरानें तिला दोष देतां कामा नये.

पुण्याचा एक सामना

दंड कितीहि चोख असला तरी त्यानें नुकसान भरून येत नाहीं, याचें मोठें बोलकें उदाहरण आपल्याच महाराष्ट्रांत घडलें आहे. मराठवाडा निजामी अमलांतून १७ सप्टेंबर १९४८ रोजीं मुक्त झाला, त्यानंतर तीनच महिन्यांनीं, डिसेंबर १९४८ मध्यें, पुण्यास रणजी करंडकाचा महाराष्ट्र विरुद्ध काठेवाड हा सामना चालू होता. काठेवाडनें २३८ धावा केल्या होत्या. महाराष्ट्राच्या ४ बाद ८२६ झाल्या होत्या, आणि कोल्हापूरचे भाऊसाहेब निंबाळकर ४४३ धावांवर नाबाद खेळत होते. डॉन ब्रॅडमन यांनीं १९३० सालीं सिडनी येथें केलेला नाबाद ४५२ धावांचा जागतिक उच्चांक मोडावयास अवघ्या दहा धावा हव्या होत्या. उपाहाराची वेळ झाली. काठेवाडचे कर्णधार राजकोटचे ठाकूरसाहेब होते. आपल्या संघाविरुद्ध असा उच्चांक नोंदला जावा हें त्यांना रुचलें नाहीं; डाव घोषित करा, नाहीं तर आम्ही निघालों, असा निरोप आला. महाराष्ट्रानें थोडाच वेळ मागितला. तोहि न देतां काठेवाडचा संघ सामना सोडून चालता झाला.

शिक्षा काय झाली? सामना महाराष्ट्रास मिळाला. परंतु काठेवाड तो हरल्यांतच जमा होता. म्हणजे पळून जाणारांस वास्तविक कांहींच भरावें लागलें नाहीं. खरी किंमत मोजली ती निंबाळकरांनीं. त्या दहा धावा त्यांना पुन्हां कधींच मिळाल्या नाहींत. पुढें २०१२ सालीं ते वारले. कसोटी सामना खेळण्याचा योगहि त्यांना आला नाहीं. डाव मध्येंच टाकण्यांतील वाईट तें हेंच : दंड जाणारास होतो, नुकसान राहणाराचें होतें.

२००६ सालीं ओव्हल येथें चेंडूशीं छेडछाड केल्याचा ठपका आल्यावर पाकिस्तानचा संघ चहापानानंतर वेळेवर मैदानांत उतरला नाहीं, आणि पंचांनीं सामना इंग्लंडला दिला. कर्णधार इंझमाम-उल-हक यांस चार एकदिवसीय सामन्यांची बंदी झाली. त्या संघाची बाजू अगदींच पोकळ नव्हती. छेडछाडीचा आरोप पुढें चौकशींत टिकला नाहीं. तरी सामना सोडल्याचा दंड राहिलाच. आपली बाजू खरी असली तरी मैदान सोडून ती सिद्ध होत नाहीं, हा धडा मुलांना सांगण्याजोगा आहे.

घरानें काय करावें

आतां प्रश्न घराचा. भिडूंचा शब्द खरा, तसा आईच्या हांकेचा मानहि खरा. दोहोंचा मेळ घालणें अवघड नाहीं. डाव किती वेळ चालतो हें मुलास ठाऊक असतें; तेव्हां जेवणापूर्वीं अर्ध्या तासांत नवा डाव मांडावयाचा नाहीं, हा नियम त्यानें पाळावा. उलट घरानेंहि आयत्या वेळीं हांक न मारतां, "अर्ध्या तासानें पानें घेतों" असें आधीं सांगावें. आजी पडली, पाहुणे दारांत आले, कोणास दवाखान्यांत न्यावयाचें झालें, तर क्षणाचाहि विचार न करतां उठावें, भिडूंना दोन शब्दांत कळवावें, आणि जो दंड होईल तो कुरकुर न करतां सोसावा. अशा दंडाची लाज बाळगण्याचें कारण नाहीं. कोणतें कर्तव्य मोठें हें मुलाला कळतें, याची ती खूणच आहे.

आणि वडील मंडळींनींहि त्या यंत्रापासून एक गोष्ट घेण्याजोगी आहे. तें रागावत नाहीं. शिक्षा आधीं सांगून ठेवतें, पहिल्या चुकीस थोडी देतें, आणि नीट वागल्यास मागचें विसरतें. आपल्या घरांतील शिक्षा पुष्कळदां आपल्या मनःस्थितीवर अवलंबून असते. कचेरींतून त्रासून आलेल्या दिवशीं ती दुप्पट होते, आणि दहा वर्षांपूर्वींची चूक आज पुन्हां उगाळली जाते. अशा न्यायासनापुढें मुलें खरें बोलत नाहींत.

तेव्हां उद्यां मुलाला हांक मारण्यापूर्वीं दोन प्रश्न विचारून पाहावे : डाव किती वेळाचा आहे, आणि भिडू कोण आहेत? या दोहोंचीं उत्तरें ज्या घरांत मोकळेपणानें मिळतात, तेथें तिसरी हांक मारावी लागण्याचा प्रसंग क्वचितच येतो.