घरावर बँकेची नोटीस आली तर? घाबरू नका, तारखा मोजा

मागच्या महिन्यात माझ्या वर्गातल्या एका मुलाची अम्मी शाळेत आली. पर्समधून तिने घडी घातलेला लिफाफा काढला. आत बँकेची इंग्रजी नोटीस. "सर, यात काय लिहिलंय? घर जाणार का आमचं?" तारीख बघितली तर 52 दिवस होऊन गेले होते. मोहल्ल्यात इज्जत जाईल म्हणून तिने ती नोटीस कोणालाच दाखवली नव्हती.

अशी नोटीस बहुधा 2002 च्या 'सरफेसी' कायद्याखाली येते. हप्ता 90 दिवसांपेक्षा जास्त थकला की खातं एनपीए होतं. मग कलम 13(2) ची नोटीस येते, 60 दिवसांत सगळी थकबाकी भरा म्हणून. या मुदतीत बँक ताबा घेऊ शकत नाही. हेच दिवस सगळ्यात मोलाचे.

पहिलं काम : लेखी उत्तर. आजारपण, धंदा बुडणं, हिशोबातली चूक, जे खरं असेल ते लिहून द्या आणि पोच घ्या. बँकेला 15 दिवसांत कारणांसह उत्तर द्यावंच लागतं. हप्ते पुन्हा बांधून मागायचे किंवा तडजोड करायची, तर तेही याच अर्जात लिहा.

दुसरं : डीआरटी. 60 दिवसांनंतर बँक कलम 13(4) खाली ताबा घेऊ शकते. दारावर नोटीस चिकटवून कागदोपत्री घेतलेला ताबाही यात येतो. त्या तारखेपासून 45 दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणात, म्हणजे डीआरटीत, कलम 17 खाली अर्ज करता येतो. आपल्या राज्यात मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे डीआरटी आहेत. दिवाणी कोर्टात या प्रकरणात स्टे मागता येत नाही, कायद्यानेच तो रस्ता बंद केला आहे. हायकोर्टही बहुतेक वेळा आधी डीआरटीतच जायला सांगतं.

पूर्वी इथे अर्ज करायलाच 75 टक्के रक्कम भरावी लागत असे. 2004 मध्ये 'मार्डिया केमिकल्स' खटल्यात सुप्रीम कोर्टाने ही अट रद्द केली. तरी स्टे देताना डीआरटी काही रक्कम भरायला सांगू शकतं, तेव्हा अगदी रिकाम्या हाताने जाऊ नका. निकाल विरोधात गेला तर अपिलासाठी 50 टक्के भरावे लागतात. ते कमी होऊ शकतात, पण 25 टक्क्यांच्या खाली नाही.

तिसरं : लिलावाचे नियम तपासा. विक्रीआधी कर्जदाराला 30 दिवसांची नोटीस हवी. मान्यताप्राप्त मूल्यांककाकडून किंमत काढून राखीव किंमत ठरवावी लागते. हे नियम मोडले तर विक्री रद्द होऊ शकते. आणि घर जास्त किमतीला गेलं तर बँकेचं देणं आणि खर्च वळते करून उरलेला पैसा तुमचा.

मात्र एक गोष्ट नीट लक्षात ठेवा. पूर्ण पैसे भरून घर सोडवायचा हक्क लिलावाची जाहिरात निघेपर्यंतच असतो. सुप्रीम कोर्टाने 2023 मध्ये हे स्पष्ट केलं आहे. "लिलावाच्या दिवशी बघू" म्हणणाऱ्याचं घर जातं.

शेतजमिनीला हा कायदा लागू नाही. थकबाकी 1 लाखापेक्षा जास्त नसेल, तरीही लागू नाही. सहकारी बँकांना मात्र तो लागू आहे, हे 2020 मध्ये सुप्रीम कोर्टाने ठरवलं. पतपेढीची वसुली सहकार कायद्याने होते, तिथला रस्ता वेगळा. आणि भाईजान, कोणाच्या कर्जाला जामीन राहताना विचार करा. जामीनदाराने घर तारण दिलं असेल तर तेही विकलं जातं.

वकिलाला पैसे नाहीत? जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. महिलांना उत्पन्नाची अट न लावता तिथे मोफत मदत मिळते.

आपल्या दीनमध्ये तंगीत असलेल्या कर्जदाराला मुदत देण्याची शिकवण आहे. जकातीच्या आठ हकदारांमध्ये कर्जात बुडालेला माणूसही येतो. मोहल्ल्यातल्या जाणत्यांनी अशा घराकडेही बघायला हवं. आणि कर्जदारानेही, ऐपत असताना हप्ता बुडवू नये.

त्या अम्मीचा अर्ज आम्ही त्याच संध्याकाळी लिहिला. हप्ते बांधून देण्याबद्दल बँकेशी बोलणं सुरू आहे. पुढे काय होईल ते अल्लाह जाणे, पण 8 दिवस हातात होते म्हणून बोलायला तरी जागा मिळाली. तुमच्या घरात असा लिफाफा पडला असेल, तर आजच उघडा.