पुढचे वर्ष एकदाच आले

बँकेत चौतीस वर्षे नोकरी केलेल्या माणसाच्या जिभेवर एक वाक्य कायमचे बसलेले असते : ‘पुढच्या वर्षी बघू.’ कर्जाची मर्यादा वाढवून मागणाऱ्या दुकानदाराला ते सांगायचे, बदलीसाठी खेटे घालणाऱ्या कारकुनाला सांगायचे, आणि बढतीची यादी लागली की रात्री जेवताना घरच्यांनाही तेच सांगायचे. निवृत्तीनंतर हे वाक्य सुटले असे वाटत होते. पण मुलीकडे न्यू जर्सीला गेलो असताना, तिच्या घराजवळच्या वाचनालयात वेळ घालवायला म्हणून बेसबॉलवरची काही पुस्तके चाळली आणि ते तिथेही भेटले. न्यू यॉर्कच्या ब्रुकलिन भागातली माणसे दर ऑक्टोबरात एकमेकांना हेच सांगत : ‘वेट टिल नेक्स्ट इयर.’ थांबा, पुढच्या वर्षी बघा!

आपणही गणपती बुडवून परतताना ‘पुढच्या वर्षी लवकर या’ म्हणतो. पण त्यात भरवसा असतो. बाप्पा कधी येणार ते पंचांगात छापलेले असते. ब्रुकलिनच्या पंचांगात तसे काही नव्हते. त्यांचे पुढचे वर्ष एकदाच आले, १९५५ साली. आणि ज्या वर्षी ते आले त्याच वर्षी त्यांच्या हातून बाकी सगळे निसटायला सुरुवात झाली होती. ही हकिगत त्या एका वर्षाची आहे.

ब्रुकलिन हे १८९८ पर्यंत स्वतंत्र शहर होते. मग ते न्यू यॉर्कमध्ये विलीन झाले. विलीनीकरण म्हणजे काय असते ते बँकवाल्यांना सांगायला नको. पाटी बदलते, माणसे तीच राहतात आणि आपण पूर्वी कोण होतो ते विसरत नाहीत. १९५० साली तिथे सुमारे २७ लाख लोक राहत होते. इटालियन, ज्यू, आयरिश, काळे, सगळे. स्वतःचे म्हणून त्यांच्याकडे उरले होते ते एक दैनिक आणि एक बेसबॉलचा संघ. दैनिकाचे नाव ‘ब्रुकलिन ईगल’, १८४१ पासूनचे. कवी वॉल्ट व्हिटमन कधीकाळी त्याचा संपादक होता. संघाचे नाव ‘डॉजर्स’, म्हणजे चुकवणारे. ब्रुकलिनचे लोक रस्त्यावरच्या ट्रामगाड्या चुकवत चालत, त्यावरून पडलेले.

१९१३ साली बांधलेले एबेट्स फील्ड हे त्यांचे मैदान म्हणजे वस्तीच्या मधोमध बसवलेला एक चौक. प्रेक्षक जेमतेम ३२ हजार मावत. खेळाडू इतके जवळ, की प्रेक्षकांतल्या शिव्या त्यांना नावानिशी ऐकू जात. हिल्डा चेस्टर नावाची एक बाई गाईच्या गळ्यातली घंटा घेऊन येई आणि सामनाभर बडवत बसे. एब स्टार्क या कपडेवाल्याची भिंतीवर पाटी होती : इथे चेंडू मारा, सूट न्या. आपल्या लाडक्या संघाला लोक ‘बम्स’ म्हणत. ‘आमची भिकारडी’ असे आई जितक्या मायेने म्हणेल, तितक्याच मायेने.

बेसबॉल न पाहिलेल्यांसाठी दोन शब्द. तिथे दोन मोठ्या लीग आहेत. त्या काळी प्रत्येक संघ उन्हाळाभर १५४ सामने खेळे. दोन्ही लीगचे विजेते ऑक्टोबरात भिडत, आणि सातांपैकी चार सामने जिंकणारा ‘वर्ल्ड सीरीज’चा मानकरी ठरे. क्रिकेटच्या गोलंदाजासारखा तिथे पिचर असतो, आणि चांगला पिचर त्या दिवशी तापला की समोरच्या दिग्गजांचे काही चालत नाही. हे शेवटचे वाक्य ध्यानात ठेवावे, पुढे उपयोगी पडणार आहे.

डॉजर्स आपली लीग जिंकत आणि वर्ल्ड सीरीज हरत. १९४१, १९४७, १९४९, १९५२, १९५३, अशी पाच वेळा. पाचही वेळा समोर तेच : नदीपलीकडचे, श्रीमंत, हरणे ठाऊक नसलेले न्यू यॉर्क यांकीज. या पाचही पराभवांत मैदानावर असलेला एक माणूस होता, शॉर्टस्टॉप आणि कर्णधार पी वी रीझ. पराभवाची जी खातेवही ब्रुकलिनने ठेवली, तिच्या प्रत्येक पानावर त्याची सही होती म्हणा ना.

पण याच हरणाऱ्या संघाने एक मोठी गोष्ट आधीच करून दाखवली होती. १५ एप्रिल १९४७ रोजी जॅकी रॉबिन्सन एबेट्स फील्डवर उतरला. विसाव्या शतकात मोठ्या लीगमध्ये खेळणारा तो पहिला काळा खेळाडू. शिव्या, धमक्या, मुद्दाम अंगावर टाकलेले चेंडू हे सगळे त्याने सोसले. संघाचा तेव्हाचा प्रमुख ब्रँच रिकी याने त्याच्याकडून उलट उत्तर न देण्याचे वचनच घेतले होते. त्याच्या मागोमाग यष्टिरक्षकाच्या जागेवरचा रॉय कॅम्पनेला आला, पिचर डॉन न्यूकम आला. १९५५ पर्यंत डॉजर्समध्ये काळे आणि गोरे इतके सहज मिसळले होते, की ब्रुकलिनच्या पोरांना त्यात विशेष काही वाटेनासे झाले. यांकीजना मात्र आपला पहिला काळा खेळाडू संघात घ्यायला १९५५ साल उजाडावे लागले. त्याचे नाव एल्स्टन हॉवर्ड. हेही नाव ध्यानात असू द्या.

रॉबिन्सन आता छत्तिशीत होता. केस पांढरे होत होते, अंग जड झाले होते, सरासरी २५६ वर उतरली होती. संघच वयात येत चालला होता. आणि अशा संघाने १९५५ चा हंगाम सुरू केला तो ओळीने दहा विजयांनी! पहिल्या २४ सामन्यांपैकी २२ त्यांनी जिंकले. ड्यूक स्नायडरने ४२ होमरन मारले, न्यूकमने २० सामने जिंकून दिले आणि ५ गमावले, कॅम्पनेला लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. ८ सप्टेंबरला लीगचे अजिंक्यपद खिशात पडले. तोवर नॅशनल लीगमध्ये इतक्या लवकर कोणी ते मिळवले नव्हते. दुसऱ्या क्रमांकावरचा मिलवॉकी ब्रेव्हज शेवटी साडेतेरा सामने मागे राहिला.

इथे माझ्यातला बँकवाला जागा होतो. कारण या सोनेरी हंगामाची दुसरी बाजूही आहे. १९४७ साली एबेट्स फील्डवर १८ लाखांहून अधिक लोक आले होते. १९५५ च्या विजयी वर्षात जेमतेम दहा लाख तेहतीस हजार. साडेतेरा सामने मागे पडलेल्या मिलवॉकीने त्याच वर्षी २० लाख प्रेक्षक खेचले. ब्रुकलिनची माणसे मोटारी घेऊन उपनगरांत राहायला जात होती, आणि मैदानापाशी मोटारी उभ्या करायला जागा होती ती साताठशे गाड्यांची. घरोघर टीव्ही आला होता. आणि ‘ब्रुकलिन ईगल’? ते दैनिक संपात सापडून त्याच वर्षीच्या जानेवारीत बंद पडले. ज्या विजयाची बातमी छापण्यासाठी त्याने इतकी वर्षे टाइप जुळवून ठेवले असतील, तो विजय आठ महिन्यांनी आला.

वर्ल्ड सीरीजमध्ये समोर पुन्हा यांकीज. पहिल्या सामन्यात रॉबिन्सनने थेट होम प्लेट चोरली, म्हणजे पिचर चेंडू टाकत असतानाच तिसऱ्या बेसवरून धावत येऊन धाव घेतली. यांकीजचा कॅचर योगी बेरा आयुष्यभर सांगत राहिला की तो बाद होता. पण तो सामना गेला, दुसराही गेला. पहिले दोन हरून कोणी सात सामन्यांची सीरीज जिंकली नव्हती. ब्रुकलिनमध्ये ‘पुढच्या वर्षी बघू’ म्हणायची तयारी सुरू झाली असणार.

तिसरा सामना ३० सप्टेंबरला, घरच्या मैदानावर. व्यवस्थापक वॉल्टर अॅल्स्टनने चेंडू दिला जॉनी पॉड्रेसच्या हाती. लोखंडाच्या खाणीत काम करणाऱ्या बापाचा पोरगा, त्याच दिवशी तेवीस वर्षांचा झालेला. हंगामात त्याचे ९ विजय आणि १० पराभव. असल्या नोंदीवर मी तरी कर्ज मंजूर केले नसते. पॉड्रेसने सामना जिंकून दिला. चौथा आणि पाचवाही डॉजर्सचा. सहावा यांकीजचा. तीन-तीन बरोबरी.

४ ऑक्टोबर १९५५, मंगळवार. यांकी स्टेडियमवर ६२ हजारांवर माणसे. पुन्हा पॉड्रेस. रॉबिन्सन दुखापतीमुळे बाकावर. गिल हॉजेसने दोन धावा मिळवून दिल्या आणि सहाव्या डावाचा उत्तरार्ध आला. यांकीजचे दोन गडी बेसवर, बाद कोणी नाही, बॅट बेराच्या हातात. बेरा डावखुरा, सहसा उजवीकडे मारणारा, म्हणून क्षेत्ररक्षक तिकडे सरकलेले. त्याने नेमका डावीकडच्या रेषेलगत उंच चेंडू टोलवला. तिथे होता सँडी अॅमोरोस, क्यूबाचा, मोडके इंग्रजी बोलणारा. तो त्याच डावात, फलंदाजीतल्या एका बदलामुळे, योगायोगाने तिथे आला होता. लांबून धावत आला, भिंतीपाशी उजवा हात पुढे केला आणि चेंडू हातमोज्यात अडकला. तो डावखुरा असल्यामुळे हातमोजा उजव्या हातात होता. त्याच्या आधी त्या जागी उभा असलेला जिम गिलियम उजव्या हाताने फेकणारा. त्याला तो चेंडू आडव्या हाताने घ्यावा लागला असता, आणि बहुधा मिळाला नसता. अॅमोरोसने लगेच चेंडू रीझकडे फेकला, रीझने हॉजेसकडे. बेसवरून पुढे धावलेला गडीही बाद.

दुपारी पावणेचारच्या सुमारास शेवटचा फलंदाज उभा राहिला : एल्स्टन हॉवर्ड. त्याने चेंडू जमिनीवरून मारला तो थेट रीझकडे. पाच पराभवांचा साक्षीदार रीझ. त्याने फेक केली, हॉजेसने घेतली. दोन विरुद्ध शून्य. संपले. ब्रुकलिनमध्ये माणसे रस्त्यावर आली, मोटारींचे भोंगे वाजत राहिले, टेलिफोनच्या तारा तुंबल्या. रॉबिन्सनने उघडलेल्या दारातून आठ वर्षांनी आत आलेला माणूस शेवटी बाद झाला आणि रॉबिन्सनचा संघ जिंकला. कादंबरीत मी हे लिहिले असते तर संपादकाने ‘फार जुळवून आणले आहे’ म्हणून परत पाठवले असते.

आता ज्याने हे सगळे मोडले त्या माणसाकडे येतो. वॉल्टर ओ’मॅली, संघाचा मालक. ब्रुकलिनमध्ये त्याचे नाव काढले की जुनी माणसे पुढे कित्येक वर्षे थुंकत. मला मात्र त्याचा धड राग येत नाही, कारण तो माझ्याच जातकुळीचा. संघात तो खेळप्रेमी म्हणून आलाच नव्हता. ब्रुकलिन ट्रस्ट कंपनी या बँकेचा पैसा संघात गुंतलेला होता. त्यावर नजर ठेवायला तिने पाठवलेला हा वकील १९४३ मध्ये संघाचा कायदा सल्लागार झाला आणि १९५० मध्ये धनी झाला. अॅटलांटिक आणि फ्लॅटबुश या रस्त्यांच्या नाक्यावर त्याला नवे स्टेडियम बांधायचे होते. तेवढी जागा सरकारी अधिकारात मिळवून द्यावी, अशी त्याची मागणी. न्यू यॉर्कच्या बांधकामांचा सर्वेसर्वा रॉबर्ट मोझेस ती मानेना. क्वीन्समधल्या फ्लशिंगला जा, म्हणाला. १९५५ च्या ऑगस्टमध्ये, म्हणजे संघ मैदान गाजवत असतानाच, ओ’मॅलीने जाहीर केले होते की पुढल्या वर्षी काही सामने जर्सी सिटीत होतील. सूचना मिळालेली होती. विजयाच्या गडबडीत ती कोणी नीट वाचली नाही. ऑक्टोबर १९५७ मध्ये घोषणा झाली : डॉजर्स लॉस एंजेलिसला जाणार.

मी हे लिहितो आहे कारण मीही एक असा कागद लिहिला होता. नोकरीच्या उत्तरार्धात कोकणातल्या एका छोट्या शाखेची तपासणी माझ्याकडे आली. शाखा तोट्यात होती, आकडे स्वच्छ होते. जवळच्या शाखेत विलीन करावी, असा अहवाल मी सहीनिशी पाठवला आणि तो मान्य झाला. शेवटच्या दिवशी किराणा दुकानवाले एक गृहस्थ भेटायला आले. भांडले नाहीत. एवढेच म्हणाले, “साहेब, तोट्यात होती म्हणता. मग बत्तीस वर्षे आम्ही इथे काय करत होतो?” मी ‘पुढच्या वर्षी बघू’सुद्धा म्हणू शकलो नाही.

अहवालात चूक नव्हती. ओ’मॅलीच्या हिशेबातही नव्हती. लॉस एंजेलिसमध्ये तो अफाट यशस्वी झाला. पण ताळेबंदात मालकाचे भांडवल लिहायला रकाना असतो, माणसांनी वर्षानुवर्षे भरलेल्या जीवाला नसतो. हिल्डा चेस्टरची घंटा कोणत्या बाजूला लिहायची, जमेला की नावे? १९५५ चा विजय हे त्या ठेवीवरचे एकमेव व्याज. मुद्दल दुसऱ्याच्या नावावर होते.

पुढचे थोडक्यात. पॉड्रेस १९५६ चे वर्ष लष्करी सेवेत गेला, आणि डॉजर्स यांकीजकडून पुन्हा हरले. त्या डिसेंबरात रॉबिन्सनला दुसऱ्या संघाला विकले. तो गेला नाही, निवृत्त झाला. जानेवारी १९५८ मध्ये मोटार अपघातात कॅम्पनेला कायमचा अपंग झाला. लॉस एंजेलिसमध्ये तो एकही सामना खेळला नाही. फेब्रुवारी १९६० मध्ये एबेट्स फील्ड पाडायला सुरुवात झाली तेव्हा चाकाच्या खुर्चीतून तो हजर होता. पाडकामाचा लोखंडी गोळा पांढरा रंगवून त्यावर बेसबॉलसारखी लाल शिवण काढली होती.

एका दुपारी जावयाने मला तिथे नेले. आता तिथे राहण्याच्या उंच इमारती आहेत, नाव मात्र एबेट्स फील्ड अपार्टमेंट्स. भिंतीतल्या एका दगडावर मैदान इथे होते एवढे कोरलेले आहे. २०२४ साली डॉजर्सनी वर्ल्ड सीरीजमध्ये पुन्हा यांकीजनाच हरवले, पण ते लॉस एंजेलिसचे डॉजर्स. ब्रुकलिनच्या नावावर विजेतेपद एकच राहिले.

मी त्या दगडापाशी थोडा वेळ उभा राहिलो. एक बाई बाजाराच्या पिशव्या घेऊन आत गेली, शाळेतून पोरे परतत होती. कोकणातल्या त्या शाखेच्या जागी आता काय आहे, ते मी कधी पाहायला गेलो नाही. दुकानवाले हयात असतील का, तेही माहीत नाही. या वेळी मात्र पुढच्या वर्षी बघू म्हणणार नाही. पाऊस सरला की जाणार आहे.