जुनी रिळे भंगारात घालण्यापूर्वी

बंद पडलेल्या टॉकीजचा किंवा स्टुडिओचा माल उचलताना आपल्या जुन्या बाजारातील व्यापाऱ्यांच्या हाती खुर्च्या-प्रोजेक्टरबरोबर पत्र्याचे गंजलेले गोल डबेही येतात. पूर्वी त्यांचे काय करायचे हे ठरलेले असे. काळ्या-पांढऱ्या फिल्मवर चांदी असते. ती धुऊन काढायची आणि उरलेल्या पट्टीच्या बांगड्या करायच्या. कितीतरी चित्रपट असे कायमचे गेले. याचा सारा दोष भंगारवाल्याच्या माथी मारला जातो, तो आम्हाला मान्य नाही. डबे विकायला निर्मातेच येत होते.

आज हिशेब वेगळा आहे. इतिहासावर माहितीपट काढणाऱ्याला त्या काळचे चित्रण लागते आणि ते नव्याने काढता येत नाही. असे चित्रण सेकंदाच्या किंवा मिनिटाच्या दराने दिले जाते. ते कोणत्या देशांत, किती वर्षे आणि कोठे दाखवणार यावर दर ठरतो. ब्रिटिश पाथे या कंपनीने २०१४ साली आपल्या ८५ हजार चित्रफिती इंटरनेटवर खुल्या केल्या. पाहणे फुकट, पण माहितीपटात वापरायचे तर पैसे मोजा! धंदा असा असतो.

मात्र डबा आपला म्हणून हक्कही आपला, असे नाही. आपल्या कायद्याने चित्रपटाचा हक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षे टिकतो. १९६० साली प्रदर्शित झालेल्या चित्रपटाचा हक्क २०२० अखेर संपला. त्यानंतरच्या मालासाठी मूळ मालकाची लेखी परवानगी हवी. ती नसेल तर सौदा करू नये. उद्या नोटीस आली की नफ्यासकट भांडवल जाते.

माल ओळखावा कसा? आधी फिल्मची कड उजेडात पाहावी. तेथे 'सेफ्टी' छापलेले असेल तर बरे. १९५० च्या आसपासपर्यंतची ३५ मिलिमीटरची फिल्म बहुधा नायट्रेटची असते. ती पेटली की पाण्यानेही विझत नाही, म्हणून दुकानात किंवा घरात एक रात्रही ठेवू नये. पुण्यात जानेवारी २००३ मध्ये लागलेल्या आगीत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचा नायट्रेट फिल्मचा मोठा साठा जळाला. सरकारी तिजोरीची ही गत, तर आपल्या पोटमाळ्याचे काय सांगावे?

डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर फिल्म सडू लागली आहे असे समजावे. तो डबा बाकीच्यांपासून दूर ठेवावा, कारण हा रोग पसरतो. आमच्या कोकण-मुंबईच्या दमट हवेत तर फारच लवकर. आकसलेली फिल्म प्रोजेक्टरवर चढवून पाहण्याचा मोह टाळावा, दाते फाटतात. ३५ मिलिमीटरचे हजार फुटांचे रीळ म्हणजे सुमारे ११ मिनिटांचे चित्रण, एवढ्यावरून अंदाज बांधता येतो.

पुण्याचे संग्रहालय २०२२ पासून राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहे. मुंबईत फिल्म हेरिटेज फाउंडेशन आहे. डबे दाखवायला तेथे न्यावेत. डब्यावरची जुनी चिठ्ठी मात्र पुसू वा फाडू नये. गाव, साल, नाव त्यावरूनच कळते आणि गिऱ्हाईक पहिल्यांदा तेच विचारते.