कावेरीकाठचा पहिला ग्रँडमास्टर

तंजावर म्हटले की मराठी वाचकाला व्यंकोजीराजांची गादी आठवते, सरफोजीराजांनी वाढविलेले सरस्वती महाल ग्रंथालय आठवते आणि बृहदीश्वराच्या मंदिरातील भोसले कुळाचा मराठी शिलालेखही आठवतो. बुद्धिबळाचा पट मात्र सहसा कोणाला आठवत नाही. वास्तविक या कावेरीकाठच्या मुलखाशी त्या पटाचे नाते फार जुने आहे. पूर्वीच्या विशाल तंजावर जिल्ह्यात नीडामंगलमजवळ पूवनूर नावाचे गाव आहे. आज ते तिरुवारूर जिल्ह्यात मोडते. तेथील शिवाचे नावच मुळी चतुरंगवल्लभनाथ! बुद्धिबळात कोणालाही हार न जाणाऱ्या राजकन्येला वृद्धाचे रूप घेऊन आलेल्या शंकराने डावात जिंकले आणि तिचे पाणिग्रहण केले, अशी तेथील स्थलकथा आहे.

ही झाली पुराणातली गोष्ट. परंतु त्याच जिल्ह्यातील मायावरम् म्हणजे मयिलाडुतुरै या गावी ११ डिसेंबर १९६९ रोजी जो मुलगा जन्मला, त्याची गोष्ट सर्वस्वी खरी आहे. त्याचे नाव विश्वनाथन आनंद. भारताचा पहिला ग्रँडमास्टर आणि पहिला जगज्जेता तो हाच. मयिलाडुतुरै १९९१ साली तंजावरपासून वेगळे झाले आणि २०२० पासून तर तो स्वतंत्र जिल्हाच आहे. पण आनंदच्या जन्माच्या वेळी ते तंजावरचेच होते.

ग्रँडमास्टर ही पदवी कशी मिळते, हे प्रथम पाहू या. आंतरराष्ट्रीय बुद्धिबळ संघटनेने १९५० साली जगातील सत्तावीस श्रेष्ठ खेळाडूंना ती अधिकृतपणे दिली. पुढे तिचे नियम बांधले गेले. खेळाडूला सामान्यतः तीन ‘नॉर्म’ मिळवावे लागतात. म्हणजे परदेशी खेळाडू आणि ग्रँडमास्टर ज्यांत पुरेसे आहेत अशा स्पर्धांत ठरलेल्या दर्जाची कामगिरी तीनदा करून दाखवावी लागते. शिवाय मानांकन २५०० पर्यंत न्यावे लागते. यातली मेख वाचकांच्या ध्यानी आलीच असेल. घरी बसून कितीही उत्तम खेळले तरी ही पदवी मिळत नाही. परदेशी जावे, नाही तर परदेशी खेळाडूंना येथे बोलवावे. आणि दोन्हींना पैसा लागतो.

आपल्याकडे आणखी एक अडचण होती, ती देशी पद्धतीची. आपल्या जुन्या खेळात प्यादे पहिल्या चालीतही एकच घर चाले आणि राजाला एकदा घोड्याची उडी घेता येई. पेशवाईच्या अखेरीस, १८१४ साली, त्रिवेंगडाचार्य शास्त्री यांचा बुद्धिबळावरील संस्कृत ग्रंथ मुंबईत इंग्रजीत प्रसिद्ध झाला, तोही युरोपीय पद्धतीला जुळवून घेऊनच! यावरून हा दुरावा किती जुना होता ते कळते. १९५५ साली पहिली राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धा एलुरू येथे झाली, तेव्हा आपले रामचंद्र सप्रे आणि आंध्रचे डी. वेंकय्या संयुक्त विजेते ठरले. सांगलीला भाऊसाहेब पडसलगीकरांनी १९४१ पासून नूतन बुद्धिबळ मंडळाचे व्रत चालविले होते. हौस, निष्ठा, बुद्धी, कशाचीच वाण नव्हती. पण मद्रासचे मॅन्युएल आरन १९६१ साली आपले पहिले आंतरराष्ट्रीय मास्टर झाले, आणि तेथून ग्रँडमास्टरपर्यंतची एक पायरी चढायला देशाला आणखी सत्तावीस वर्षे लागली. १९६२ साली स्टॉकहोमला पोर्टिश आणि उलमान यांच्यासारख्या दिग्गजांना हरविणाऱ्या आरन यांना तरुणपणी आनंदइतके सामने मिळाले असते तर? असे मनात येते खरे.

आता आनंदच्या घराकडे वळू. सहाव्या वर्षी त्याला खेळ शिकविला तो आई सुशीलाबाईंनी. वडील रेल्वेतील अधिकारी. कामानिमित्त कुटुंब काही काळ फिलिपीन्समध्ये मनिला येथे होते. तेथे दूरदर्शनवर दुपारी बुद्धिबळाचा कार्यक्रम होई आणि शेवटी एक कोडे घातले जाई. मुलगा त्या वेळी शाळेत असे. म्हणून आई सारे डाव आणि कोडे कागदावर टिपून ठेवीत. संध्याकाळी मायलेक मिळून ते सोडवीत आणि उत्तर पाठवीत. बक्षीस म्हणून पुस्तक मिळे. अशी इतकी पुस्तके त्याने जिंकली की अखेर तेथील मंडळींनी त्याला ग्रंथालयात नेले आणि सांगितले, हवी तेवढी पुस्तके घेऊन जा, पण यापुढे उत्तरे पाठवू नकोस! गृहिणींनी ही गोष्ट अवश्य लक्षात घ्यावी. त्या माऊलीने मुलावर शिकवणीचा भार लादला नाही. त्याच्या गैरहजेरीत त्याची वही तेवढी भरून ठेवली.

मद्रासला सोव्हिएत सांस्कृतिक केंद्रात आरन यांच्या पुढाकाराने १९७२ साली ताल चेस क्लब निघाला होता. तेथे झटपट डाव चालत. जिंकेल त्याने बसून राहावे, हरेल त्याने उठून रांगेच्या शेवटी जावे, असा रिवाज. उठावे लागू नये म्हणून मुलगा भराभर आणि अचूक खेळू लागला. पुढे त्याच्या ज्या वेगाचे जगाने कौतुक केले तो असा रांगेच्या भीतीतून आला!

१९८३ साली राष्ट्रीय सबज्युनियर स्पर्धेत त्याने नऊपैकी नऊ डाव जिंकले. १९८७ साली फिलिपीन्समधील बागिओ येथे तो कुमारांचा जगज्जेता झाला आणि १९८८ च्या आरंभी कोइंबतूरच्या स्पर्धेत ग्रँडमास्टरची पदवी पुरी केली. वय अवघे अठरा. दरम्यान मद्रासच्या लॉयोला महाविद्यालयातून त्याने वाणिज्य शाखेची पदवीही घेतली. पदवीचा हा टप्पा मायदेशी झालेल्या स्पर्धेत गाठला गेला, हे मला त्या विजयाइतकेच महत्त्वाचे वाटते.

पुढील कीर्ती सर्वांस ठाऊक आहे, म्हणून थोडक्यात सांगतो. १९९५ साली न्यूयॉर्कला कास्पारोव्हशी सामना. पहिले आठ डाव बरोबरीत, नववा आनंदने जिंकला, पण सामना गेला. २००० साली तेहरान येथे शिरोव्हला हरवून विश्वविजेतेपद. २००७ साली मेक्सिकोत ते पुन्हा मिळविले आणि २००८ मध्ये क्रामनिक, २०१० मध्ये टोपालोव्ह, २०१२ मध्ये गेल्फंड यांच्याविरुद्ध राखले. २०१० ची हकीकत मात्र सांगितलीच पाहिजे. आइसलंडमधील ज्वालामुखीच्या राखेमुळे विमाने बंद पडली आणि त्याला जर्मनीहून सोफियाला मोटारीने जावे लागले. पहिलाच डाव हरला. अखेरच्या बाराव्या डावात काळी मोहरी घेऊन त्याने सामना जिंकला. २०१३ साली चेन्नईत, आपल्याच माणसांसमोर, तरुण मॅग्नस कार्लसनने त्याचे पद हिरावले.

आनंदनंतर दिब्येंदु बरुआ १९९१ साली आणि आपले मुंबईचे प्रवीण ठिपसे १९९७ साली ग्रँडमास्टर झाले. २००० साली पुण्याचे अभिजित कुंटे चौथे. बारा वर्षांत चार! पण त्यानंतर देशात स्पर्धा वाढल्या, प्रशिक्षक वाढले, संगणक घरोघर आले, आणि दर वर्षी नवी नावे येऊ लागली.

स्त्रियांची वाट अधिक खडतर होती. १९७६ साली मुंबईची तेरा वर्षांची रोहिणी खाडिलकर पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली तेव्हा आक्षेपांचे मोहोळ उठले. शेवटी आंतरराष्ट्रीय संघटनेचे अध्यक्ष मॅक्स युवे यांना स्त्रियांना अशी बंदी घालता येणार नाही, असा निर्वाळा द्यावा लागला. १९८१ साली ती आशियाई विजेती झाली.

एक गोष्ट येथे स्पष्ट बोलली पाहिजे. १२ डिसेंबर २०२४ रोजी सिंगापूरला डिंग लिरेनला हरवून अठराव्या वर्षी जगज्जेता झालेल्या चेन्नईच्या गुकेशला आनंदच्या प्रबोधिनीत मार्गदर्शन मिळाले हे खरे. पण त्याच्याबरोबर देशोदेशी हिंडता यावे म्हणून त्याच्या शल्यचिकित्सक वडिलांनी आपला व्यवसाय बाजूस ठेवला होता. प्रत्येक घराला हे परवडणारे नाही, आणि खेळणाऱ्या शंभरांत एकही जगज्जेता होत नाही. मुलाच्या हाती पट देताना आईबापांनी हा हिशेब डोळ्यांआड करू नये.

२८ जुलै २०२५ रोजी जॉर्जियातील बातुमी येथे नागपूरची दिव्या देशमुख महिलांच्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात कोनेरू हंपीविरुद्ध जिंकली. तिच्याजवळ तोवर ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता; विश्वचषकाच्या नियमानुसार ती पदवी तिला थेट मिळाली आणि एकोणिसाव्या वर्षी ती देशाची अठ्ठ्याऐंशीवी ग्रँडमास्टर ठरली. डाव संपताच तिने जाऊन आईला मिठी मारली. त्या व्यवसायाने डॉक्टर असून लेकीबरोबर बातुमीला आल्या होत्या.