लिहिणें एक, म्हणणें एक

वर्गांत एखादा मुलगा मोठ्यानें वाचतांना अनोळखी इंग्रजी शब्दापाशीं अडखळला, कीं बाकांवर हंशा पिकतो. आणि पुढें तो मुलगा तोंड उघडण्यासच भितो. हा हंशा किती अस्थानीं आहे, हें पुढील शब्दांवरून ध्यानांत येईल.

'सी-ओ-एल-ओ-एन-ई-एल' हीं अक्षरें पाहून कोणीही 'कोलोनेल' म्हणेल. परंतु उच्चार 'कर्नल' असा आहे. सोळाव्या शतकांत ह्या शब्दाचीं दोन रूपें इंग्रजींत प्रचारांत होतीं : मूळ इटालियन शब्दास धरून असलेलें 'ल'चें व फ्रेंच वळणाचें 'र'चें. लेखणीनें पहिलें उचललें, जिभेनें दुसरें राखलें. मराठींत हा शब्द कानावाटे आला, म्हणून नीट आला.

जहाजावरील सारंगास 'बोट्‌स्वेन' असें लिहितात व 'बोसन' म्हणतात. बंदरांतील धक्का 'क्यू-यू-ए-वाय' असा लिहितात. उच्चार मात्र नुसता 'की'. अन्नसामग्री ह्या अर्थाचा शब्द 'व्हिक्चुअल्स' असा दिसतो, पण तो 'व्हिटल्स' असा वाचावा. त्यांतील 'सी' हें अक्षर लॅटिन मूळ दाखविण्यासाठीं पंडितांनीं मागाहून घातलें. लोकांच्या उच्चारांत तें कधीं शिरलेंच नाहीं. हिंवाळ्यांत पांढऱ्या होणाऱ्या 'टार्मिगन' पक्ष्याचें नांव स्कॉटलंडच्या गेलिक भाषेंतलें. पण तें ग्रीक असावें अशा भ्रमानें त्याच्या आरंभीं 'पी' जोडलें गेलें. पंडितांचा प्रमाद शुद्धलेखन ठरावा, आणि तें लिहिल्याबरहुकूम वाचणाऱ्या मुलाचें मात्र हंसें व्हावें, हा कोठला न्याय?

कांहीं शब्दांचा अर्थच मौजेचा असतो. 'सेस्क्विपिडेलिअन' म्हणजे लांबलचक शब्द किंवा ते योजणारा मनुष्य. मूळ लॅटिन अर्थ 'दीडफुटी'. 'सेरेन्डिपिटी' म्हणजे शोधावें एक आणि भाग्यानें दुसरेंच चांगलें हातीं यावें. हा शब्द होरेस वॉल्पोल ह्यानें १७५४ सालीं एका पत्रांत घडविला. 'सेरेन्डिप' हें सिंहलद्वीपाचें जुनें नांव.

आपल्याही घरीं डोकवावें. 'चार' आणि 'चारा' ह्यांतील 'च' आपण निरनिराळे उच्चारतों, पण लिहितों एकच. मराठी शिकणारा परका मनुष्य तेथें हमखास चुकेल. तेव्हां आपण त्यास हंसूं कीं सांगूं?

म्हणून शब्दकोश उघडला कीं प्रथम त्याच्या आरंभींची उच्चारखुणांची कोष्टकें पाहावीं. आघात कोणत्या अवयवावर आहे तें पाहून शब्द तीनदां मोठ्यानें म्हणावा, मग अर्थ लिहून घ्यावा. ऑक्सफर्डच्या महाकोशाचा पहिला भाग १८८४ सालीं निघाला व मूळ ग्रंथ १९२८ सालीं पुरा झाला. संपादक जेम्स मरे १९१५ सालींच वारले होते. जेथें जाणत्यांचें आयुष्य पुरलें नाहीं, तेथें मुलानें अडखळण्यांत लाज कसली?

पालकांसही एक विनंति. जो मुलगा चुकीचा उच्चार करितो, त्यानें तो शब्द बहुधा कोणाच्या तोंडून न ऐकतां स्वतः पुस्तकांतून मिळविलेला असतो. उच्चार सुधारावा, पण वाचनाची ती हौस मोडूं नये.